बावन्न पैशांचं गाव

दुष्काळी गावांची कच्ची यादी तहसिलीत लागली आणि तिच्यात भेंडखळ्याचं नाव नव्हतं. छबुबाईनं पहिली शिवी सुंदररावाला घातली, दुसरी मोहनरावाला. तिसरी तोंडाशी आली होती. ती तिनं गिळली, कारण ती तिच्याच घराला लागली असती.

शेजारची सगळी गावं यादीत होती. मधे एक कोरडा ओढा. त्याच्या पलीकडं दुष्काळ आणि अलीकडं सुकाळ, असं सरकारी कागदानं ठरवून टाकलं होतं. पाऊस काय एकट्या भेंडखळ्यात मुक्काम करून गेला होता? इथली बाजरी गुडघ्याएवढी होऊन करपली होती, कापसाला बोंडं धरली नव्हती, बोअरमधून नुसती हवा येत होती. पण सरकार आभाळाकडं बघत नाही, पैसेवारीकडं बघतं. चांगल्या सालात रुपयाभर पीक धरलं, तर यंदा त्यातलं किती पैसे हाती आलं, असा तो हिशोब. पन्नास पैशांच्या आत असलं की गाव दुष्काळी. मग कामं निघतात, चारा छावणीला मंजुरी मिळते. पन्नासच्या वर गेलं की गाव सुखी. तिथली जनावरं दावणीला खंगून मेली तरी सुखीच. भेंडखळ्याची पैसेवारी निघाली होती बावन्न.

आणि ही बावन्न कशी निघाली, ते छबुबाईला पक्कं ठाऊक होतं.

छबुबाई गावच्या दूध सोसायटीची चेअरमन. सोळा वर्षांमागं नवरा विजेच्या धक्क्यानं गेला, तेव्हापासून शेतीही तीच बघायची आणि सोसायटीही. सोसायटी काढली तिच्या सासऱ्यानं, आश्रुबानं. पण तिला वळण लावलं छबुबाईनं. बाई तोंडानं फटकळ. दोन गोड शब्द बोलायचे म्हटले तर तिच्या घशात काटा अडकायचा. चांगल्या सालात, दूध धो धो वाहत असताना, ती प्रत्येकाच्या बिलातून थोडं कापून बाजूला ठेवायची आणि सोसायटीच्या वाड्यात कडब्याच्या गंजी रचून घ्यायची. लोक तिला कवडीचुंबक म्हणायचे. हातात पैसा खेळत होता, संकरित गायी येत होत्या, दारात मोटारसायकली लागत होत्या, आणि ही बया कापून घेत बसली होती!

एकदा सभेत कुणीतरी विचारलंच, "सुगीत कावून कापता वो तुमी? कापायचं तर वाईट सालात कापा!"

तिनं जागेवरूनच उत्तर दिलं होतं, "उताराला गाडी मागून धरावी लागती आन चढाला ढकलावी लागती. तुमी समदे उताराला ढकलता, आन चढ आला की गाडीत बसून राहता. मग गाडीनं करावं काय?"

त्या कापलेल्या पैशावर आणि कडब्यावरच गावानं हा पावसाळा काढला. डेअरीनं दर पाडला, पण सोसायटीनं उत्पादकाचा दर पाडला नाही. एवढं करूनही कुणी तिचं नाव चांगल्या तोंडानं घेतलं नाही. आणि आता दिवाळी उलटून गेली होती, गंजी संपत आल्या होत्या, फंड तळाला लागला होता. सोसायटीची झेप सोसायटीएवढीच. पुढचा चढ सरकारनं ढकलल्याशिवाय चढत नव्हता.

यादी लागली त्याच आठवड्यात ती जनावरांच्या बाजाराला गेली. विकायला नाही, बघायला. तेलगावचा ख्वाजाभाई तिथं बाभळीखाली बसला होता. बापाच्या काळापासून त्यांचा म्हशींचा व्यापार. एरवी बाजारात त्याला पाणी प्यायला सवड नसायची, आज तो हातावर हात ठेवून बसला होता.

"घेत न्हाई का आज?" तिनं विचारलं.

"काय घेऊ, बहन?" ख्वाजाभाई वैतागून म्हणाला. "समदा जिल्हा इकायला आलाय. घेणारा कोण हाय? मी आज घेतली, तर उद्या अजून खाली जाती. लोकांना वाटतंय आमी व्यापारी मजा मारतोय. अरे, आमचं बी दिवाळं निघायची येळ हाय."

"छावणी आली तर?"

"आली तर लोक परत नेतील ना जनावरं! चारा मिळाला तर इकल कोण? भाव आपोआप उभा राहतो. सरकारनं फक्त दोन म्हैने पेंढी टाकायची. पन लवकर टाकायची. बैल गेल्यावर झोपा बांधून काय फायदा?"

बाजारभर जनावरं उभी होती आणि गिऱ्हाईक दिसत नव्हतं. ज्या म्हशीला मागल्या साली लोक मागून मागून थकले होते, तिच्याकडं कुणी मान वळवून बघत नव्हतं. प्रत्येकजण आपापल्या परीनं शहाणपणच करत होता. चारा नाही, तर विकून मोकळं व्हावं. पण सगळ्यांनी एकाच दिवशी शहाणं व्हायचं ठरवलं की असं होतं.  पुढच्या बाजाराला भेंडखळ्याची दोनशे जनावरं इथंच येऊन उभी राहणार होती आणि मग सोसायटीच्या दारात दुधाचा थेंब येणार नव्हता.

आता ती बावन्नची गोष्ट.

पैसेवारी काढायला सरकार गावातली काही रानं चिठ्ठीनं निवडतं. निवडलेल्या रानात चार खुंट्या ठोकून दोरी आखतात, दोरीच्या आतलं पीक कापतात, मळतात आणि तिथंच तोलतात. त्या ओंजळभर जागेवरून अख्ख्या गावाचं नशीब ठरतं. भेंडखळ्यात तीन रानं निघाली. पहिलं मोहनरावाचं, दुसरं सुंदररावाचं, तिसरं छबुबाईचं.

मोहनराव आणि सुंदरराव चुलतभाऊ. बांधाला बांध आणि भिंतीला भिंत. तीन पिढ्या एकमेकांना पाण्यात पाहत आलेले. यंदा गावात पाणी नव्हतं, तरी पाहणं काही सुटलं नव्हतं. एकानं माडी बांधली की दुसऱ्यानं तिच्याहून उंच पत्रा चढवायचा. एकानं बैलांना झुली आणल्या की दुसऱ्यानं घुंगरं.

मोजणीची माणसं मोहनरावाच्या रानात आली. आता, आलेल्या माणसाला उपाशी धाडायचं म्हणजे घराण्याला बट्टा. लिंबाखाली पंगत बसली. ताटात काय कमी होतं? माणसं जेवत होती तेवढ्यात मोहनरावाच्या मनात आलं, की आपलं करपलेलं रान असंच तोललं तर सुंदरराव गावभर सांगत फिरेल, मोहन्याच्या रानात कुसळं निघाली. त्यानं विहिरीजवळच्या ओल्या तुकड्यातली टपोरी कणसं आणून ताडपत्रीवरच्या ढिगात मिसळली. वजन चांगलं भरलं. मोहनरावानं मिशीवरून हात फिरवला.

बातमी बांध ओलांडून सुंदररावाकडं गेली. दुसऱ्या दिवशी त्याच्या रानातही पंगत बसली, आणि त्याच्या ढिगात जरा जास्तच कणसं पडली. मोहनरावाच्या वर गेल्याशिवाय त्याला घास गिळवणार नव्हता.

कशासाठी मोजतात, हे दोघांनाही माहीत नव्हतं असं नाही. चांगलं माहीत होतं. पण मोजायची वेळ आली की आमच्या माणसाला आपलं कमी भरलेलं सोसवत नाही. मोजमाप दुष्काळाचं का असेना, पहिला नंबर आपलाच यायला पाहिजे!

आणि तिसऱ्या दिवशी छबुबाईचं रान.

आश्रुबा काठी टेकत बांधावर आला होता. करपलेल्या धाटांकडं बघून म्हातारा हळू आवाजात म्हणाला होता, "पोरी, त्या दोघांचं एवढं निघालं. आपलं पसाभर निघालं तर लोक म्हन्तील, आश्रुबाच्या सुनंनं रान वाया घालवलं. बाईच्या हातात गेलं आन रान नासलं."

एवढंच. पण नेमक्या ठणकत्या जागी बोट पडलं होतं. नवरा गेल्यापासून हेच वाक्य गाव तिच्या पाठीमागं बोलत आलं होतं. मोरीच्या सांडपाण्यावर घरामागं चार सऱ्या बाजरी पिकली होती. तिची कणसं तिनं स्वतः तोडली, टोपलं स्वतःच्या डोक्यावर आणलं आणि ढिगात ओतलं. त्या दोघांच्या जरा खालीच ठेवलं, म्हणजे त्यांचा मान राहील आणि आपलं नाक. मोजणीची माणसं ताक पीत होती.

म्हणून तिसरी शिवी तिनं गिळली होती.

यादीवर हरकती ऐकायला नायब तहसीलदार गावात येणार, असं कळलं. छबुबाई आधी मोहनरावाच्या दारात गेली.

"भावजी, खरं काय ते सायबापुढं सांगा. छावणीचा सवाल हाय."

"मी सांगतो की," मोहनराव म्हणाला. "आधी सुंद्याला सांगाय लावा."

सुंदररावाच्या दारात त्याची बायको केशरबाईच आडवी आली. "आमच्या मालकानं कावून सांगावं? आदी त्या मोहन्याचं तोंड काळं करा, मग आमच्याकडं या. मोठ्या चेअरमन झाल्या!"

"चारा संपल्यावर तुमच्या गायी काय खातील, वैनी? तुमची शान खातील?"

"आमच्या गायीची काळजी तुमी नगा करू," असं म्हणून केशरबाईनं तिच्या तोंडावर दार आपटलं.

छबुबाई रागारागानं घरी आली. मात्र रागातही तिनं एक हिशोब मांडला. त्या दोघांची दोन मोठी वजनं बाद झाली, की उरतं आपलं लहान. लहान वजनावर गाव आपोआप पन्नासच्या खाली येईल. आपण तोंड उघडायची गरजच पडणार नाही. अळीमिळी गुपचिळी. तिला तिचा हिशोब फार हुशारीचा वाटला.

सुनावणीच्या दिवशी ग्रामपंचायतीपुढं मांडव घातला होता. सारं गाव लोटलं. साहेब तरुण होता, घामाघूम झालेला, आणखी पाच गावं उरकायची म्हणून घाईत होता. "बोला, काय हरकत आहे?"

 मग छबुबाई पदर खोचून उभी राहिली. सुंदररावावर तिनं आरोप केला नाही. उलट मोहनरावाचं कौतुक मांडलं.

"सायेब, हरकत अशी, की पैसेवारी जास्त निघाली ती मोहनरावांच्या रानामुळं. त्यांचं रानच तसलं हाय. सुंदररावांच्या रानात तेवढा कस न्हाई, हे समद्या गावाला माहीत हाय. पर मोहनरावांच्या एका रानावरनं गावाला सुखी धरू नगा."

सुंदरराव खाली बसला होता तो ताडकन उठला. "कस? मोहन्याच्या रानात कस? त्यानं हिरीवरची कणसं आणून टाकली वो सायेब! माझ्या गड्यानं डोळ्यांनी बघितलं!"

"आन तू काय केलं बे?" मोहनराव मांडवाच्या दुसऱ्या टोकाकडून ओरडला. "तू तर दोन टोपली टाकली!"

"टाकली! हां, टाकली! माझ्या घरात हाय म्हणून टाकली. तुझ्यासारखी निवडून निवडून मूठभर न्हाई टाकली!"

"मूठभर? मी पाटीभर टाकली, विचार कुणालाबी!"

"पाटी काय सांगतो बे, भिकारड्या!"

चार माणसांनी दोघांना धरलं, तोपर्यंत सुंदररावाचा सदरा फाटला होता. साहेबाचा पेन हातातच राहिला. मग त्यानं दोघांच्या नावापुढं रेघा मारल्या. "म्हणजे दोन्ही प्रयोग खोटे. रद्द."

लोकांत कुजबुज उठली. छबुबाईला आतून गुदगुल्या झाल्या. वर्षानुवर्षं ज्यांनी तिला खाली पाहायला लावलं, ते दोघं धुळीत उभे राहून एकमेकांची लबाडी मोजत होते. साहेबानं मोबाइलवर आकडेमोड केली आणि मान हलवली.

"बाई, तरी जमत नाही. आता राहिला एकच प्लॉट, तुमचा. तोच खरा धरावा लागेल. त्यावर एकावन्न येतात. नियमानं गाव दुष्काळी होत नाही."

छबुबाईला आपला हिशोब चुकल्याचं कळलं. लहान म्हणून ठेवलेलं तिचं खोटं लहान नव्हतंच. त्या दोघांच्या खोट्यालगत ठेवून कापलेलं होतं.

"असं कसं सायेब?" गर्दीतून कुणीतरी म्हणालं. "एकावन्न म्हंजे एक पैशासाठी?"

"एक असो की दहा. हा नियम तुमच्यासाठीच आहे. नाहीतर उद्या ज्याचा त्याचा दुष्काळ होईल," साहेब म्हणाला. आणि मग जरा नरमून, "या बाईंनी तरी खरं मोजू दिलं. तिघांत एक माणूस प्रामाणिक निघाला."

गावानं छबुबाईकडं पाहिलं. उभ्या आयुष्यात गावानं तिच्याकडं असं कधी पाहिलं नव्हतं. ज्या बायका तिला कवडीचुंबक म्हणायच्या त्याच एकमेकींना कोपरानं ढोसून म्हणत होत्या, "बघा, बाई असून रान राखलं तिनं." एकावन्न पैशांचं रान. दुष्काळात. बाईच्या हातचं. हेच ऐकायला तिचे कान सोळा वर्षं तरसले होते, आणि आज ते आयतं चालून आलं होतं. नुसतं गप्प बसायचं होतं. छावणी गेली तर दोष सुंदररावाचा, मोहनरावाचा, नियमाचा. तिचा नाही.

आश्रुबा मांडवाच्या खांबाला टेकून बसला होता. त्यानं मान वर केली नाही.

साहेब कागद गोळा करायला लागला. छबुबाईला बाजारातली ती उभी जनावरं दिसली आणि तिला स्वतःचीच शिसारी आली. गावाला आपण शिकवत आलो, उताराला गाडी धरा म्हणून. आणि आपल्यावर आलं तेव्हा आपणही ढकललीच की.

"थांबा सायेब," ती म्हणाली. "माझं बी खोटं हाय."

"काय?"

"टोपलं मीच वतलं. घरामागची कणसं. त्या रानात काय बी न्हवतं. तिन्ही खोटे हायत, लिवून घ्या."

 मग सुंदरराव हसला, फाटक्या सदऱ्यानिशी, पोट धरून. "घ्या! आमाला चोर म्हणत होती!"

"आमी तरी भावाभावाच्या इर्षेपायी केलं," मोहनराव म्हणाला. "हिनं कशापायी केलं? नुसती लबाडी!" आणि सकाळपासून पहिल्यांदा दोघं भाऊ एकमेकांकडं बघून माना डोलावत होते.

"हिच्यामुळंच गाव मेलं असतं," केशरबाई किंचाळली. "चेअरमन म्हणं!"

साहेबानं तिसरी रेघ मारली. एकही प्रयोग खरा नसेल तर शेजारच्या गावांची सरासरी धरायची, असा काहीतरी नियम त्यानं शोधून काढला. सरासरी निघाली अडतीस. भेंडखळा दुष्काळी झाला. लोकांनी टाळ्या वाजवल्या, साहेबाला हार घातला. छबुबाईला वाट द्यायला मात्र कुणी बाजूला सरकलं नाही. गर्दीतून अंग चोरून तिला बाहेर पडावं लागलं.

छावणी मंजूर झाली ती सोसायटीच्याच नावावर. पण त्याआधी सोसायटीची सभा भरली. अविश्वासाचा ठराव मोहनरावानं मांडला, नवा चेअरमन म्हणून सुंदररावाचं नाव त्यानंच सुचवलं. तीन पिढ्यांत या दोन घरांनी एकमेकांच्या बाजूनं वर केलेला तो पहिला हात. इर्षा ती मर्दाची रीत, तिला गाव हसून माफ करतं. बाईचं खोटं गाव विसरत नाही. वर तिनं सुगीत कापलेल्या पैशांचा हिशोबही मागण्यात आला. तो चोख निघाला, याचाही लोकांना रागच आला.

आश्रुबा त्या दिवशी तिच्याशी एवढंच बोलला, "पोरी, बोललो मी होतो. सांगायला बी मीच पायजे होतो."

"मग सांगितलं कावून न्हाई, मामा?" तिनं विचारलं. म्हातारा काठी चाचपत बसला, आणि तिनंही त्याला माफ केलं नाही. ताट वाढताना तिनं त्याच्याकडं पाहिलंच नाही.

बाजारातून गावची जनावरं परत फिरली. ख्वाजाभाईनं म्हटलं होतं तसं, विकायची घाई सरली आणि भाव थोडा उभा राहिला. छावणीच्या तोंडाशी तोलकाट्यावर उसाचं वाढं तोलून देत होते. छबुबाई म्हैस घेऊन रांगेत उभी होती. मागचे-पुढचे दोघंही तिच्यापासून एक हात लांब सरकले होते. तिचा नंबर आला तेव्हा नवे चेअरमन खुर्चीवरून उठले.

"या छबुबाई," सुंदरराव मोठ्यानं म्हणाला, सगळ्यांना ऐकू जावं म्हणून. "जनावर तुमचंच हाय ना? का वजन भरायला दुसऱ्याचं आणलं?"

रांग फिदीफिदी हसली.

"माझंच हाय," छबुबाई म्हणाली. "चारा नीट तोला, भावजी. खाली तोलून गाव मरत न्हाई. आपलं गाव मरतं ते वर तोलून."

 तोलणाऱ्यानं मान खाली घालून तिच्या वाट्याचं वाढं काट्यावर टाकलं, पुन्हा एकदा बघितलं आणि उचलून दिलं. तिनं म्हैस दाव्याला बांधली. म्हशीनं पेंढीत तोंड घातलं. छबुबाई तिच्या पाठीवर हात ठेवून, रांगेकडं पाठ करून, ती खाईपर्यंत तिथंच उभी राहिली.